मैदानाच्या कडेची एकदांडी

(आपल्या तुकडीच्या तिसाव्या वर्षानिमित्त झालेल्या स्नेहमेळाव्यातील भाषण)



समितीने मला विषय दिला होता 'कृत्रिम बुद्धिमत्ता आणि आपल्या मुलांचं करिअर'. मी कॉम्प्युटर इंजिनिअर, गेली बावीस-तेवीस वर्षं पुण्यात बँकांसाठी सॉफ्टवेअर लिहिते, त्यामुळे त्यांनी तसं म्हणणं साहजिकच होतं. पण त्या विषयावर सध्या दर दुसऱ्या लग्नात कुणी ना कुणी आपल्याला गाठून बोलतंच. म्हणून मी समितीला विनंती केली की मला वीस मिनिटं एका तणावर बोलू द्या. तण म्हणजे ताणतणाव नव्हे. त्यावर बोलायला आपल्यात दोन डॉक्टर आहेत. मी शेतातल्या, रस्त्याकडेच्या तणाबद्दल बोलते आहे.

सकाळी तुम्ही सभागृहात आलात तेव्हा प्रत्येकाच्या खुर्चीवर एक लांब देठाचं छोटं फूल ठेवलेलं होतं. काही जणांनी ते बाजूला सारलं, काही जणी त्यावर बसल्या. ज्यांचं शाबूत आहे त्यांनी ते हातात घ्या, नसेल त्यांनी शेजाऱ्याचं बघा. ही फुलं मी आज सात वाजता आपल्या मैदानाच्या मागच्या भिंतीलगत तोडली. तिथेच का तोडली, ते शेवटी सांगते. दुपारच्या बैठकीत मैदानाबद्दल जो ठराव येणार आहे, त्याच्याशी या फुलाचा संबंध आहे.

हिला आपल्याकडे एकदांडी म्हणतात. दगडी पाला म्हणतात, कंबरमोडी म्हणतात, काही ठिकाणी जखमजुडी. झाड जमिनीला टेकून पसरतं, मग देठ एकदम सरळ वर उठतो, वीतभर, कधी त्याहून उंच, आणि त्या एका दांडीवर एकच फूल. खाली करवतीसारख्या कडांची, केसाळ, खरखरीत पानं, समोरासमोर जोडीने आलेली. आपण सगळ्यांनी हे झाड हजारदा तुडवलेलं आहे. खो-खोच्या खांबापाशी, सायकल स्टँडमागे, पाण्याच्या टाकीखाली ते असायचंच.

आणि आपल्यापैकी निम्म्यांच्या गुडघ्यांवर ते लागलेलं आहे. मैदान मुरमाचं होतं. पडलं की सोलून निघायचं. ऑफिसातल्या प्रथमोपचार पेटीत कापूस असायचा आणि आयोडीनची रिकामी बाटली. मग शिपाई मामा भिंतीकडे जायचे, चार पानं खुडायचे, तळहातावर चुरगळायचे आणि तो हिरवा रस जखमेवर पिळायचे. झोंबायचं. आपण ओरडायचो. मामा म्हणायचे, "झोंबतंय म्हणजे काम करतंय." त्यांचं हे वैद्यकशास्त्र कितपत बरोबर होतं, त्याकडे मी येणार आहे.

आता हातातलं फूल बघा. नववीत बाईंनी आपल्याला जास्वंद कापायला दिली होती. निदल, दल, पुंकेसर, स्त्रीकेसर, सगळं मोठं, नीट, वहीत काढता येईल असं. तीच कृती या फुलावर करून बघा. बाहेर पांढरट किंवा फिकट पिवळ्या पाकळ्या दिसतील, बहुतेक पाच, क्वचित तीन, चार किंवा सहा. प्रत्येक पाकळीच्या टोकाला तीन दात आहेत. मधे पिवळा गोल. तो नखाने हलकेच मोडा. आत पाकळ्याही नाहीत आणि जास्वंदीसारखे केसरही नाहीत, नुसत्या बारीक बारीक पिवळ्या नळ्या निघतात, चाळीस, पन्नास, कधी त्याहून जास्त.

त्यातली प्रत्येक नळी हे एक पूर्ण फूल आहे. तिला स्वतःच्या पाच इवल्या पाकळ्या आहेत, त्या जुळून नळी झाली आहे. आत पाच पुंकेसर आहेत, त्यांचीही नळी झाली आहे, आणि त्या नळीतून स्त्रीकेसराचा दांडा पिचकारीच्या दट्ट्यासारखा वर सरकतो. वर येताना तो परागकण ढकलत बाहेर आणतो. ते कीटकाच्या अंगाला लागून गेले की मग त्याचं टोक दुभंगतं आणि दुसऱ्याकडचे पराग घ्यायला मोकळं होतं. आधी द्यायचं, मग घ्यायचं, असा क्रम. बाहेरची जी पाकळी वाटते, तीही एक वेगळं फूल आहे. तिच्यात पुंकेसर नसतात, फक्त स्त्रीकेसर असतो, आणि तिच्या पाकळीचा पट्टा कीटकांना लांबून दिसतो. फुलंही सगळी एकदम उमलत नाहीत. कडेची आधी, मग आतली, मग मधली. त्यामुळे त्या एका दांडीवरचं दुकान बरेच दिवस उघडं राहतं.

म्हणजे ज्याला आपण एक फूल म्हणतो ते पन्नास-साठ फुलांचं एकत्र कुटुंब आहे. वनस्पतिशास्त्रात याला स्तबक म्हणतात आणि अशी रचना असणाऱ्या कुळाला सूर्यफुलाचं कूळ. जगातल्या सपुष्प वनस्पतींपैकी ढोबळमानाने दर दहातली एक या कुळातली आहे. आपल्या घरातली यादी करा. सूर्यफूल, करडई, कारळे, शेवंती, झेंडू, ॲस्टर, झिनिया, डेलिया, माका आणि हल्ली बर्गरमध्ये घालतात ती लेट्यूस. आज जेवणात कारळ्याची चटणी आहे असं कळलं. ती खाताना या कुळाची आठवण ठेवा.

एक इंजिनिअर फुलांवर कशाला बोलते, असं कुणाच्या मनात आलं असेल, तर त्याला एक उदाहरण देते. शनीच्या कड्यांमधली फट शोधणारा कॅसिनी आपल्याला माहीत आहे. त्याच्या नावाचं यान २००४ ते २०१७ शनीभोवती फिरत होतं. या कॅसिनीचा मुलगा, नातू आणि पणतू हे सगळे खगोलशास्त्रज्ञ झाले. पॅरिसची वेधशाळा जणू त्यांच्या घरचीच. खापरपणतू आंरी कॅसिनी, जन्म १७८१चा, त्याने मात्र घरची वाट धरली नाही. तो कायदा शिकला, न्यायाधीश झाला आणि फावल्या वेळात या सूर्यफुलाच्या कुळातली बारीक फुलं सुईने उकलत बसला. आज या कुळाबद्दल जे शिकवलं जातं त्याच्या पायात त्याचं बरंचसं काम आहे. १८३२ साली तो पॅरिसच्या कॉलऱ्याच्या साथीत गेला. दिवसभर निकाल लिहून संध्याकाळी एवढंसं फूल भिंगाखाली धरणारा माणूस मला फार जवळचा वाटतो. आपल्यापैकी अनेक जण पोटासाठी एक करतो आणि मनात दुसरं बाळगतो.

आता वाळलेलं डोकं ज्यांच्याकडे आलं आहे त्यांनी जरा फुंकर मारा. उडाल्या ना म्हाताऱ्या? प्रत्येक नळीच्या बुडाशी एक बी होतं आणि बीच्या डोक्यावर वीसेक तंतूंचा झुबका आहे. भिंगातून पाहिलं तर प्रत्येक तंतू पिसासारखा दिसतो, त्याला दोन्ही बाजूंनी बारीक केस असतात. पॅराशूटला कापड लागतं, याला लागत नाही. हे कसं चालतं याचा एक सुंदर अभ्यास या कुळातल्या दुसऱ्या एका झाडावर झाला आहे, डँडेलियनवर. एडिनबरा विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१८ साली 'नेचर'मध्ये तो प्रसिद्ध केला. डँडेलियनच्या छत्रीत साधारण शंभर तंतू असतात आणि नव्वद टक्क्यांहून जास्त जागा रिकामी असते. त्या फटींमधून थोडी थोडी हवा वर जाते आणि छत्रीच्या वर, तिला न चिकटता, हवेचं एक गोल भोवऱ्यासारखं कडं तयार होतं. ते कडं बीला धरून ठेवतं. एवढ्या लहान आकारात भरीव कापडापेक्षा फटींची छत्री जास्त कामाची ठरते. आपली एकदांडी वेगळ्या घडणीची आहे, पण तिनेही तंतूंचाच मार्ग धरला आहे.

एकदांडी आपल्या मैदानात आली कुठून, याचं उत्तर मला माझ्या मुलीमुळे मिळालं. तिला शाळेत परिसरातल्या दहा वनस्पतींचा प्रकल्प होता. आमच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये, दोन फरशांच्या फटीत ही उगवलेली. मी म्हटलं, ही आपल्या गावची, लिही. तिने फोनवर फोटो काढून नाव शोधलं आणि म्हणाली, "आई, ही मेक्सिकोची आहे."

ती म्हणाली ते खरं आहे. हिचं शास्त्रीय नाव ट्रायडॅक्स प्रोकम्बेन्स. लिनियसने १७५३ सालच्या त्याच्या ग्रंथात हे नाव दिलं. ट्रायडॅक्स हा शब्द लेट्यूसच्या एका जुन्या ग्रीक नावावरून आला आणि प्रोकम्बेन्स म्हणजे जमिनीवर पसरणारी. ट्रायडॅक्स या प्रजातीत साधारण तीसेक जाती आहेत, सगळ्या उष्ण अमेरिकेतल्या, त्यातही बहुतेक मेक्सिकोतल्या. त्यांतल्या बाकीच्या जाती आपापल्या डोंगरात राहिल्या. ही एकटीच बाहेर पडली आणि आशिया, आफ्रिका, ऑस्ट्रेलिया सगळीकडे पोचली. हिच्या बियांवर कुणी शिक्का मारलेला नसल्यामुळे ती कुठल्या जहाजातून, कुठल्या मालातून उतरली हे सांगायला साक्षीदार नाहीत. पण कोलंबस १४९२ साली तिकडे पोचण्याआधी ती इकडे असण्याचं कारण नाही.

म्हणून एक गोष्ट नम्रपणे सांगते. 'ऋषिमुनींनी हजारो वर्षांपूर्वी वर्णन केलेली वनस्पती' असा मजकूर हिच्या फोटोखाली आला तर तो पुढे पाठवू नका. चरक-सुश्रुतांनी ही पाहिलेलीच नाही. हिची माक्याशीही गल्लत होते. भृंगराज म्हणजे माका, तोही याच कुळातला, पाणथळ जागी वाढणारा, बारीक पांढऱ्या फुलांचा. भृंगराज म्हणून एकदांडी गोळा केली जाते आणि विकलीही जाते. केसांच्या तेलासाठी कुणी पाला आणून दिला तर फूल बघून घ्या. लांब दांडीवर एकच पिवळं फूल असेल तर तो माका नव्हे.

पण याचीच दुसरी बाजू मला जास्त महत्त्वाची वाटते. माझ्या टीममध्ये एक तमिळ सहकारी आहे. त्याला मी फोटो दाखवला, तर तो म्हणाला, आमच्याकडे ही 'वेट्टुकाय पूंडु', म्हणजे कापल्याच्या जखमेचं झाड. आपण म्हणतो जखमजुडी. म्हणजे परक्या देशातून एक झाड आलं, कुठल्या पोथीत त्याचं नाव नव्हतं, कुणी वैद्याने शिकवलं नव्हतं, आणि तरी आपल्याकडच्या आणि तमिळनाडूतल्या माणसांनी ते हाताळून, चुरगळून, लावून बघून त्याला जवळजवळ एकच काम दिलं. हे ज्ञान गुराख्यांनी, शेतमजूर बायांनी आणि आपल्या शिपाई मामांसारख्यांनी जमवलं आहे. ते फार जुनं नाही म्हणून त्याची किंमत मला कमी वाटत नाही. उलट, माणसं डोळे उघडे ठेवून जगत होती याचा तो पुरावा वाटतो.

आता मामांचं वैद्यकशास्त्र. १९८०च्या दशकापासून भारतातल्या प्रयोगशाळांत एकदांडीच्या रसाचे आणि अर्कांचे प्रयोग उंदरांच्या जखमांवर झाले आहेत. काही प्रयोगांत जखम भरण्याला मदत झालेली दिसली, भरलेल्या जागेची ताण सोसण्याची ताकद वाढलेली दिसली. सगळ्या अर्कांचे आणि सगळ्या प्रकारच्या जखमांचे निष्कर्ष मात्र सारखे नव्हते. आमच्या धंद्यात म्हणतात, चाचणीच्या मशीनवर चाललं म्हणजे बँकेच्या शाखेत चाललं असं होत नाही. उंदरांवरून माणसावर उडी मारायची नसते. मातीत पडून खरचटलं तर आधी साबण आणि वाहतं पाणी, आणि जखम खोल असेल तर धनुर्वाताचं इंजेक्शन. मामांची पानं भिंतीकडची, त्यावर कुत्री-मांजरं काय काय करून जायची, ते आपल्याला माहीत आहे. तेव्हा मामांना नमस्कार, पण नातवंडांना आधी नळाखाली धरा. आणि पोटात घ्यायचा उपाय म्हणून कुणी हिचा काढा सांगितला तर आपल्या दोन डॉक्टरांपैकी एकाला फोन करा.

एकदांडीचं कौतुक करताना शेतकरी मित्रांचंही ऐकलं पाहिजे. पहिल्या रांगेत बसलेला आपला मित्र चहाच्या वेळी मला म्हणाला, "तुझं ते फूल माझ्या भुईमुगात येतं, खुरपायला मजुरी लागते, ती तू देतेस का?" बरोबर आहे त्याचं. त्याच्या शेतात ते तणच आहे. अमेरिकेच्या केंद्र सरकारने तर तिला उपद्रवी तणांच्या अधिकृत यादीत घातलं आहे. परवान्याशिवाय बी देशात नेता येत नाही. फ्लोरिडात आधीच ती मोकाट वाढते ती गोष्ट वेगळी. आपला तिकडून आलेला मित्र इथे बसला आहे. परत जाताना पँटच्या दुमडीला म्हाताऱ्या चिकटलेल्या नाहीत ना, ते बघून विमानात बस बाबा.

तण हे काही झाडाच्या अंगावर लिहिलेलं नसतं. त्याच कुळातला, त्याच मेक्सिकोतून आलेला झेंडू बघा. दसऱ्याला त्याच्याशिवाय आपलं दार सजत नाही, आणि तिकडे मेक्सिकोत नोव्हेंबरच्या सुरुवातीला पितरांच्या सणाला त्याच फुलांचे सडे घालतात. आणि त्याच कुळातलं, अमेरिका खंडातूनच आलेलं गाजरगवत बघा. १९५५-५६च्या सुमारास ते पुण्यात नोंदलं गेलं आणि मग देशभर पसरलं. त्याने अंगाला खाज येते, दमा उठतो, कुरणं बुडतात. त्याला आवर घालायला १९८४ साली बंगळुरूजवळ त्याची पानं खाणारा भुंगेरा मेक्सिकोतून आणून सोडावा लागला. तिघंही परदेशी, तिघंही एका कुळातले. एकाला आपण देव्हाऱ्यात ठेवलं, एकावर सरकारी मोहीम काढली, आणि तिसरी, आपली एकदांडी, कुणाचं लक्ष नसताना भिंतीकडेला राहिली.

भिंतीकडेला राहून ती काय करते, हे मी या दिवाळीच्या सुट्टीत इथे आले होते तेव्हा बघितलं. ऊन चढल्यावर तासभर टाकीच्या कट्ट्यावर बसले. नखाएवढी निळसर फुलपाखरं, त्याहून थोडी मोठी पिवळी, जमिनीलगत उडत होती आणि याच फुलांवर बसत होती. मधमाश्याही होत्या. ही जवळजवळ वर्षभर फुलते, भर उन्हाळ्यात आजूबाजूचं गवत वाळून गेलं तरी थोडी ओल मिळाली की फुलते. तेव्हा कीटकांना आपल्या मैदानात दुसरं काही उघडं नसतं.

आता ठरावाकडे येते. आपण सगळ्यांनी मिळून शाळेसाठी निधी जमवला आहे. त्यातून पूर्ण मैदानाला पेव्हर ब्लॉक बसवायचे आणि भिंतीला रंग द्यायचा, असा प्रस्ताव आहे. प्रस्तावामागची कळकळ मी ओळखते. आपल्या वेळी पाचवीच्या चार तुकड्या होत्या. आता दोन आहेत आणि दुसरी जेमतेम भरते. हायवेवरच्या इंग्रजी शाळेचं पत्रक मीही पाहिलं. त्यावर चकचकीत आवार आहे, हिरवी प्लास्टिकची हिरवळ आहे. पालक पत्रक बघून ठरवतात, आपलं आवार चिखलाचं दिसून चालणार नाही, हे समितीचं म्हणणं मला खोटं वाटत नाही. आज आपल्या बाई काठी टेकत फाटकापासून सभागृहापर्यंत आल्या तेव्हा दोघांना त्यांना धरावं लागलं. तो रस्ता फरशीचाच व्हायला हवा, आणि उताराचा, म्हणजे चाकाची खुर्चीही जाईल.

माझी विनंती एवढीच आहे की सगळं मैदान झाकू नका. मागच्या भिंतीलगत, पाण्याच्या टाकीपासून कडुनिंबापर्यंत, सहा फूट रुंदीचा पट्टा आहे तसा सोडा. तिथे माती राहू द्या. पावसाचं पाणी तिथे मुरेल. शाळेच्या विहिरीला मे महिन्यात काय होतं ते मुख्याध्यापक सरांनी सकाळी सांगितलंच. तिथे बाग करू नका, गुलाबाची रोपं लावू नका, माळी ठेवू नका. एकदांडीही लावू नका, ती लावावी लागत नाही. फक्त गाजरगवत दिसलं तर फुलायच्या आत उपटायचं, हातमोजे घालून, आणि तेही मोठ्या माणसांनी.

हा पट्टा मी आठवणींसाठी मागत नाही. तीस वर्षांपूर्वीच्या गुडघ्यांचं स्मारक कुणाला हवंय? आत्ता पाचवीत असलेल्या मुलांसाठी मागते आहे. त्यांच्या पुस्तकात परागण आहे, बीजप्रसार आहे, स्थलांतर आहे, अमेरिकेचा शोध आहे. हे सगळं वेगवेगळ्या विषयांत, वेगवेगळ्या तासांना. त्या भिंतीपाशी ते एका दांडीवर आहे. चकचकीत आवारात इंग्रजी शाळेशी स्पर्धा करायला गेलो तर आपण हरणार, त्यांच्याकडे पैसा जास्त आहे. पण आपल्या भाषेत 'जखमजुडी' हा शब्द आहे आणि तो शब्द ज्याला चिकटतो ती वस्तू आपल्या भिंतीपाशी आहे. एखादं मूल तो शब्द बोलून, फूल मोडून, आत पन्नास फुलं मोजून घरी जाईल आणि आईला सांगेल, असं काहीतरी देणं आपल्याला परवडण्यासारखं आहे.

नुसती मागणी करून मी खाली बसणार नाही. सहा फुटांच्या पट्ट्याने ब्लॉकचा खर्च थोडा कमी होईल, किती ते आपले ठेकेदार मित्र दुपारी सांगतील. त्या वाचलेल्या पैशांतून प्रथमोपचाराची एक धड पेटी घ्या आणि ती दर सत्रात भरली जाईल याची जबाबदारी कुणाला तरी नावानिशी द्या. विज्ञानाच्या खोलीसाठी चाळीस हातभिंगं मी माझ्याकडून देते, आजच आणली आहेत. आणि वर्षातून दोन शनिवार, एक पावसाळ्यात आणि एक हिवाळ्यात, मी पुण्याहून येऊन पाचवी-सहावीच्या मुलांबरोबर त्या पट्ट्यात बसेन. काय काय उगवलं, कोण कोण येऊन बसलं, याची नोंद मुलांनी मराठीत ठेवायची. सोबत यायला कुणी तयार असेल तर एसटीने जाऊ, गप्पाही होतील.

दुपारी ठरावावर हात वर करायच्या आधी तीन मिनिटं काढा आणि मागच्या भिंतीपर्यंत जाऊन या. उन्हात चष्मा नीट पुसून बघा. काय ठरवायचं ते तिथून परत आल्यावर ठरवा. बहुमत जे होईल ते मला मान्य आहे, आणि सगळ्या मैदानाला ब्लॉक बसवायचे ठरले तरी माझी वर्गणी आणि भिंगं शाळेचीच राहतील.

शाळेने मला पदवीपर्यंत पुरेल एवढं गणित दिलं आणि मैदानाने खरचटलेले गुडघे. दोन्हीबद्दल मी ऋणी आहे. समितीने दिलेला विषय बाजूला ठेवू दिला त्याबद्दल आभार. कारळ्याची चटणी संपायच्या आत मी थांबते.